शहाबादी की ग्रॅनाइट? जुळे सोलापुरातल्या एका ओट्यामागच्या भिंतीचं प्रकरण

घर जुळे सोलापुरातलं, १९९० च्या दशकात बांधलेलं रो-हाउस. घरात आजी, मुलगा, सून आणि शाळेत जाणारी दोन मुलं. स्वयंपाकघरातला ओटा ११ फूट लांब, वर ग्रॅनाइट बसवलेला. मधोमध गॅस, उजव्या टोकाला सिंक, डाव्या टोकाला पिठाच्या डब्यांची जागा. ओट्यामागे दोन फूट उंचीपर्यंत ८ बाय १२ इंची पांढऱ्या टाइल्सचा डॅडो, म्हणजे भिंतीच्या खालच्या भागाला दिलेलं आवरण, होता आणि त्याच्यावर छतापर्यंत ऑइल पेंट. टाइल्सच्या सांध्यांत हळद आणि तेल इतकं मुरलेलं होतं, की मूळ सांधा कुठल्या रंगाचा होता हे सांगता येत नव्हतं.

टाइल्स काढून तिथं नैसर्गिक दगड लावायचा, एवढंच काम. क्षेत्रफळही फार नाही. ओट्यामागची ११ बाय २ फुटांची पट्टी, सिंकच्या बाजूच्या भिंतीवर ३ बाय २ चा तुकडा आणि गॅसच्या मागे चिमणीपर्यंत ३ फूट रुंदीत आणखी दोन फूट उंची. सगळं मिळून ३४ चौरस फूट. मी स्थापत्य अभियंता आहे. अशी लहान कामं सोलापुरात सतत निघतात, आणि बहुतेक ठिकाणी ती एका दुपारी दुकानात उभ्याउभ्या ठरतात. हे काम तसं ठरलं नाही, म्हणून त्याची सविस्तर नोंद करतो आहे.

घरात तीन मतं होती. मुलाला फोनवर पाहिलेल्या चित्रासारखा, अरुंद खरबरीत पट्ट्यांचा, उठावदार दगड हवा होता. आजींचं माहेर अक्कलकोटकडचं. तिथल्या वाड्यात सगळीकडे शहाबादी फरशी होती आणि त्यांना तीच हवी होती. "उन्हाळ्यात दुपारी त्या फरशीवर पाठ टेकली की झोप लागायची. ओट्यावर झोपणार नाही मी, पण डोळ्यापुढं असू दे की," असं त्या म्हणाल्या. सूनबाईंचं म्हणणं सगळ्यात थोडक्यात होतं. "दादा, पुसायचं मला आहे. फडक्यानं पुसलं जाईल असं काहीही लावा."

मी जाण्याआधी एका ठेकेदारानं या कामाचा अंदाज देऊन ठेवला होता. जुन्या टाइल्स न काढता त्यांच्यावरच दगड चिकटवायचा, दोन दिवसांत काम संपवायचं. धूळ नाही, मलबा नाही, खर्चही कमी. घरच्यांना ते पटलंही होतं, आणि वरवर पाहिलं तर न पटण्यासारखं त्यात काही नव्हतं.

भिंत काय सांगत होती

दगडाचं बोलणं बाजूला ठेवून आधी भिंत वाजवून पाहिली. त्याला खास साधन लागत नाही, साधी किल्ली पुरते. प्रत्येक टाइलच्या चार कोपऱ्यांवर आणि मध्यावर टकटक करत जायचं. भरीव टाइल खणखणीत बोलते, सुटलेली बद्द बोलते. गॅसमागच्या टाइल्स बऱ्यापैकी घट्ट होत्या. सिंककडच्या जवळजवळ सगळ्या बद्द बोलल्या, आणि त्यांच्या खालच्या सांध्यांतून पांढरी भुकटी बाहेर आली होती. बोटाला लागणारी, चवीला खारट अशी ती भुकटी म्हणजे लोणा. पाणी विटांतून आणि गिलाव्यातून फिरतं, वाटेतले क्षार विरघळवून घेतं, पृष्ठभागाशी येऊन उडून जातं आणि क्षार मागे ठेवतं. म्हणजे लोणा दिसला की तिथं पाणी आहे, आणि ते अजून येतं आहे.

पाणी कुठून येतं याची दोन उत्तरं शक्य होती. एक, सिंकवर सांडणारं पाणी सांध्यातून आत जातं. दुसरं, भिंतीच्या पलीकडून येतं, आणि पलीकडे न्हाणीघर होतं. टाइल्सच्या वरच्या ऑइल पेंटचा तळहाताएवढा भाग खरवडला, तिथं प्लॅस्टिकचा तुकडा चारी बाजूंनी चिकटपट्टीनं बंद करून रात्रभर ठेवला. सकाळी प्लॅस्टिकच्या आतल्या बाजूला थेंब धरले होते. तिथं सिंकचं पाणी उडत नाही, म्हणजे ओल भिंतीच्या पोटातली. न्हाणीघराच्या बाजूनं उघडून पाहिलं तर गिझरला जाणारा जुना जीआय, म्हणजे जस्ताचा मुलामा दिलेला लोखंडी पाइप कोपराशी, म्हणजे वळणाच्या जोडाशी, गंजून झिरपत होता. त्या काळातल्या घरांत भिंतीत गाडलेले जीआय पाइप असणं नेहमीचं आहे. त्यात आपल्याकडचं बोअरचं पाणी जड. पाइपच्या आतून क्षारांचा थर चढतो, बाहेरून गंज चढतो. कोपर सगळ्यात आधी जातो.

जुन्या टाइल्सवर दगड चिकटवला असता तर काय झालं असतं, याचा हिशेब कुटुंबासमोर मांडला. ग्रॅनाइटची घनता घनमीटरला साधारण २७०० किलो. १८ मिलिमीटर जाडीचा दगड घेतला तर चौरस मीटरला जवळजवळ ४९ किलो, म्हणजे चौरस फुटाला साडेचार किलो. ३४ चौरस फुटांना दीडशे किलोच्या वर वजन, म्हणजे ज्वारीची तीन पोती. ती पोती अशा टाइल्सवर लटकली असती ज्या स्वतःच गिलाव्यापासून सुटल्या होत्या, आणि तो गिलावा ओलीनं विटेपासून सुटत चालला होता. दगडाचं चिकटवण कितीही चांगलं असलं तरी पडताना सगळा थर मागून पडतो. आणि तो पडतो गॅससमोर उभ्या असलेल्या माणसावर. मी हे मुद्दाम स्पष्ट शब्दांत सांगितलं, कारण या कामात चुकीची किंमत पैशात मोजली जात नाही.

घट्ट, कोरड्या, तेलमुक्त टाइल्सवर हलका, पातळ थर योग्य मिश्रणानं चिकटवता येतो, हेही खरं आहे. त्या पद्धतीला माझा सरसकट विरोध नाही. या भिंतीवर ती चालणार नव्हती.

मुलगा थोडा नाराज झाला, कारण काम दोन दिवसांवरून महिन्यावर गेलं. आजी मात्र म्हणाल्या, "भिंत बरी झाल्याशिवाय तिला दागिने कशाला?" आणि विषय तिथं संपला.

दगडाची परीक्षा

पाइपचं काम चालू असताना दगडाचे नमुने आणले. दुकानात तळहाताएवढे तुकडे मागितले तर बहुतेक जण देतात, फुकट किंवा नाममात्र पैशांत. चार नमुने होते: घासून गुळगुळीत केलेली निळसर-राखाडी शहाबादी, तांदूरची पिवळसर फरशी, मुलाच्या पसंतीचा टीकवुड, म्हणजे लाकडासारख्या रेघांचा राजस्थानी वालुकाश्म, खरबरीत पट्ट्यांत, आणि स्टील ग्रे ग्रॅनाइट, लेदर फिनिशमध्ये, म्हणजे चामड्यासारख्या, बारीक खळग्यांच्या मंद पृष्ठभागाचा.

सोलापूरकराला शहाबादी आणि तांदूर हे घरचेच दगड. रेल्वेनं वाडीकडे निघालं की कलबुर्गीच्या पुढे शहाबाद लागतं. तिथला हा चुनखडक भूगर्भशास्त्रात भीमा खोऱ्याच्या थरांत मोडतो, आणि तांदूरचाही त्याच कुळातला. आपल्या जिल्ह्यातून वाहणाऱ्या भीमेवरूनच त्या थरांना नाव पडलं आहे. आपण राहतो तो प्रदेश मात्र काळ्या बेसॉल्टचा. चपटी, थरांतून सुटणारी फरशी बेसॉल्टमधून निघत नाही, म्हणून पिढ्यान् पिढ्या फरशी पूर्वेकडूनच आली. ओट्याचा जुना काळा कडप्पाही असाच, आंध्रातल्या कडप्पा खोऱ्यातला चुनखडक.

चुनखडक हा शब्द इथं महत्त्वाचा आहे. तो मुख्यतः कॅल्साइटचा, म्हणजे कॅल्शियम कार्बोनेटचा, बनलेला असतो, आणि कॅल्साइट आम्लात विरघळतं. लिंबू, चिंच, दही, लोणच्याचा खार, टोमॅटो, सगळं आम्ल. ओट्यामागच्या भिंतीवर याशिवाय दुसरं काय उडतं?

नमुने सूनबाईंनी स्वतः तपासले, आणि तेच योग्य होतं. प्रत्येक तुकड्यावर लिंबाचा रस, चिंचेचा कोळ, हळद घातलेलं गरम तेल आणि लाल रश्शाचा कट असे चार ठिपके. शिवाय एका कोपऱ्यावर साध्या पाण्याचा थेंब. पाण्याच्या थेंबाखालचा दगड किती वेळात गडद होतो यावरून तो किती पितो ते कळतं.

टीकवुडनं पाणी बघता बघता पिऊन टाकलं. तेलाचे ठिपके त्यात पसरून मोठे झाले आणि साबणानं घासूनही गेले नाहीत. शिवाय खरबरीत पट्ट्यांच्या कपारींत रश्शातला मसाला अडकून बसला, तो टूथब्रशनं काढावा लागला. शहाबादीवर तेल फारसं पसरलं नाही, पण लिंबाच्या थेंबाची जागा दहा मिनिटांत निस्तेज झाली. बोट फिरवलं की तिथं किंचित खरखर जाणवायची. तो डाग नव्हे. डाग म्हणजे बाहेरचा रंग आत जाणं, आणि इथं तर दगडाचाच वरचा पापुद्रा विरघळला होता. तो घासून जात नाही, कारण काढण्यासारखं तिथं काही उरलेलं नसतं. तांदूरचंही तेच झालं. ग्रॅनाइटवर लिंबू आणि चिंच दोन्ही निष्प्रभ ठरले. तेलाची फिकट सावली उरली, तीही कोमट साबणाच्या पाण्यानं गेली.

एक गोष्ट पाहण्यासारखी घडली. हळदीचे डाग पडलेले सगळे तुकडे आजींनी गच्चीवर उन्हात नेऊन ठेवले. "हळद उन्हाला टिकत नाही, साड्यांवरची बघत आलो की आपण," म्हणाल्या. खरंच, हळदीचा पिवळा रंग देणारं कुर्क्युमिन प्रकाशात मोडतं. चार-आठ दिवसांत पिवळेपणा गेला. टीकवुडमधली तेलाची काळसर वर्तुळं मात्र तशीच राहिली. म्हणजे त्या दगडाला हळदीचं भय नव्हतं, तेलाचं होतं. गॅसमागे तेल रोज उडणार.

शेवटची परीक्षा माझ्या आग्रहाची. सोलापुरात बोअरचं पाणी ज्या ज्या नळातून येतं, त्याच्या आसपास पांढरे क्षार धरतात. घरोघरी त्यावर उपाय एकच: संडास-न्हाणीघर साफ करायचं ॲसिड. पाण्यात मिसळलेल्या त्या ॲसिडचा एक थेंब शहाबादीवर टाकला. थेंब फसफसला, बारीक बुडबुडे आले आणि पुसल्यावर दगडात पांढरट खळगा दिसला. हे सगळ्यांनी डोळ्यांनी पाहणं आवश्यक होतं. नळाच्या पाण्याचे क्षार हे कार्बोनेट आणि शहाबादीही कार्बोनेटच. जे औषध क्षार काढतं ते दगडही काढतं. सिंकमागे चुनखडक लावला आणि घरात जड पाणी असलं, तर तो नितळ ठेवायला रोज कोरडं पुसणं याखेरीज उपाय राहत नाही. कामवाल्या मावशी, पाहुणे, मुलं, कुणाच्याही हातून एकदा ॲसिड पडलं की झालं.

सीलर लावला तर चालणार नाही का, असं मुलानं विचारलं. हा प्रश्न मला प्रत्येक घरात विचारला जातो. मुरणारा सीलर दगडाची छिद्रं अडवतो, त्यामुळे तेल आणि रंग आत जायला वेळ लागतो आणि तेवढ्यात पुसता येतं. पण आम्लाला छिद्राची गरज नसते, ते पृष्ठभागालाच लागतं. वर चकचकीत थर देणारी लॅकरसारखी द्रव्यंही मिळतात. ती गॅसच्या उष्णतेनं आणि तेलानं काही काळात पिवळी पडतात किंवा सोलवटतात. मी ती स्वयंपाकघरात लावू देत नाही.

निर्णय असा झाला. गॅसमागे आणि सिंककडे स्टील ग्रे ग्रॅनाइट, लेदर फिनिश. डाव्या टोकाला, जिथं ज्वारीच्या पिठाचे डबे आणि परात असते आणि ना फोडणी पोहोचते ना नळ, तिथल्या साडेतीन फुटांत शहाबादी. दोन्ही राखाडी, त्यामुळे शेजारी शोभतात. खरबरीत पट्ट्या मुलानं बैठकीच्या भिंतीसाठी राखून ठेवल्या. तिथं त्या खरोखर छान दिसतील.

हा तिघांचं मन राखणारा तोडगा आहे असं कुणी म्हणेल. तसा तो नाही. आजी नसत्या तरी मी त्या कोरड्या टोकाला शहाबादी सुचवली असती, आणि आजींनी कितीही आग्रह केला असता तरी सिंकमागे लावू दिली नसती.

भिंतीची तयारी

सगळ्या टाइल्स काढल्या. सिंककडे टाइल्सबरोबर गिलावाही विटेपर्यंत आला, जवळजवळ हातानं ओढून. गॅसमागचा गिलावा चांगला होता, पण वरच्या दोन फुटांवर ऑइल पेंट. तेलाच्या रंगावर सिमेंटची कुठलीही वस्तू धरत नाही, म्हणून तारेच्या ब्रशनं आणि छिन्नीनं रंग पूर्ण खरवडून जवळ जवळ टोचे पाडले. न्हाणीघराचे जीआय पाइप बदलून सीपीव्हीसीचे, म्हणजे गरम पाणी सोसणाऱ्या प्लॅस्टिकचे, टाकले. विटा उघड्या ठेवल्या आणि रोज कोरड्या ब्रशनं लोणा झाडला. तो पाण्यानं धुवायचा नसतो, धुतला की क्षार विरघळून परत आत जातात. भुकटी येणं थांबल्यावरच एकास चार सिमेंट-वाळूचा नवा गिलावा केला, सात दिवस पाणी मारलं आणि मग दोन आठवडे वाळू दिला.

पाण्याबद्दल एक बारकावा. गिलावा आणि चिकटवण दोन्हींत कालवायला बोअरचं पाणी वापरू दिलं नाही. आपल्या शहरात नळाला पाणी काही दिवसांआड येतं, त्यामुळे बांधकामावर बोअरचंच पाणी वापरायची सवय आहे. पण लोणा काढून झालेल्या भिंतीत पुन्हा क्षारांचं पाणी घालण्यात काय अर्थ? आजींनी नळाच्या पाण्याचं एक पिंप खास या कामासाठी भरून ठेवलं आणि त्याला कुणी हात लावला की ओरडत होत्या.

या सगळ्या काळात स्वयंपाक मागच्या पडवीत एका शेगडीवर चालला. सिद्धेश्वराची गड्ड्याची यात्रा संपल्यावर, जानेवारीच्या अखेरीस काम सुरू केलं होतं आणि मार्चचं ऊन तापायच्या आत दगड लागावा असा बेत होता. सोलापूरच्या एप्रिल-मेमध्ये हे काम करू नये असं माझं मत आहे. पारा ४० च्या वर गेला की गिलावा पाणी प्यायच्या आधीच वाळतो, आणि भिंतीवर पसरलेल्या चिकटवणावर काही मिनिटांत साय धरते.

दगड लावताना

मिस्त्री सोलापूर शहराच्या पूर्व भागातले, हाताखालच्या पोराशी तेलुगूत बोलणारे, हात अतिशय साफ. पहिल्याच दिवशी त्यांनी विचारलं, "सायेब, सिमेंटनं बसतंय की. ते पोत्यातलं पीठ कशाला? आजवर काय पडलं नाय ओ." त्यांची नेहमीची पद्धत म्हणजे दगडाच्या पाठीला सिमेंटचे पाच गोळे लावून तो दाबून बसवायचा. त्यात पातळी पटकन साधते हे खरं. पण गोळ्यांच्या मधल्या जागा पोकळ राहतात. कोपऱ्यावर काही आपटलं तर दगड तडकतो, आणि पोकळीत ओल साठली तर ती सांध्यांतून डाग बनून उमटते.

आम्ही टाइल-दगडासाठीचं तयार चिकटवण घेतलं. त्याला आयएस १५४७७ हे भारतीय मानक आहे, आणि २०१९ च्या आवृत्तीत त्याचे पाच प्रकार केले आहेत. कोणता प्रकार कुठल्या कामाचा ते पोत्यावर छापलेलं असतं. भिंतीवर जड दगड म्हणून प्रकार ३ चं पोतं आणलं. ग्रॅनाइट गडद असल्यानं करडं चिकटवण चाललं. दगड फिकट असता तर पांढरंच घ्यावं लागलं असतं, नाहीतर करडी सावली आतून दिसते.

ग्रॅनाइटची पाठ करवतीनं कापलेली असते आणि तिच्यावर दगडाच्या पिठाचा सुकलेला थर असतो. तो डोळ्यांना दिसत नाही, बोट ओढलं की पांढरं होतं. मिस्त्रींनी प्रत्येक तुकड्याची पाठ तारेच्या ब्रशनं घासून, धुऊन, सुकवून घेतली. मग दातेरी थापीनं भिंतीवर एकाच दिशेनं रेघा ओढल्या, दगडाच्या पाठीलाही पातळ हात दिला आणि दाबून बसवला. ओळंबा लावून, गुण्या धरून पाहिलं, सगळं बिनचूक.

तेवढ्यात मी तो पहिला तुकडा परत काढायला सांगितला. मिस्त्रींच्या चेहऱ्यावर नाराजी स्पष्ट होती. दगड सोडवून उलटा केला. तीन कोपऱ्यांत रेघा दबून एकसंध झाल्या होत्या, पण वरच्या डाव्या कोपऱ्यात वीतभर जागेत त्या तशाच उभ्या होत्या, दगडाला नुसत्या शिवलेल्या. त्या जागी नवा गिलावा मिलिमीटरभर आत होता. मिस्त्रींनी काही न बोलता तिथं भर घातली आणि पुढचा प्रत्येक दगड बसवल्यावर स्वतःहून मुठीनं कोपरे वाजवून पाहायला लागले. संध्याकाळी ते पोराला तेलुगूत काहीतरी समजावत होते, आणि हातानं त्या कोपऱ्याकडे बोट दाखवत होते. मला त्या दिवसाचा तो सगळ्यात मोठा फायदा वाटला. ही सवय आता त्यांच्याबरोबर दुसऱ्या घरांत जाईल.

कापण्याबद्दल. ग्रॅनाइट आणि वालुकाश्म दोन्हींत क्वार्ट्झ असतं. सुकं कापलं की त्याची अतिबारीक धूळ फुप्फुसात जाऊन बसते आणि त्यातून सिलिकोसिस होतो. तो बरा होत नाही. रुमाल बांधून ती धूळ अडत नाही. म्हणून कटरच्या पात्यावर पाण्याची नळी सोडून, अंगणात, योग्य मास्क लावून कापायचं असं पहिल्यापासून ठरवलं होतं. स्विचबोर्डाची भोकं पाडताना पोरानं घाईत पाणी बंद केलं तेव्हा काम थांबवलं. घरमालकांनी यात लक्ष घालावं अशी माझी कळकळीची विनंती असते. काम तुमच्या घरात चार दिवस चालतं, पण तो मुलगा ते रोज करतो.

शहाबादीचं लावणं वेगळ्या तऱ्हेनं झालं. हातानं फोडलेल्या थरांची फरशी असल्यानं जाडी एकसारखी नसते, आमच्या तुकड्यांत २० पासून २८ मिलिमीटरपर्यंत फरक होता. ग्रॅनाइटच्या तोंडाशी तिचं तोंड एका पातळीत यावं म्हणून तेवढ्या भागात गिलावाच मुळात आत घेतला होता. जाडीनुसार तुकडे आधी जमिनीवर मांडून क्रम ठरवला. लावून झाल्यावर आणि सांधे भरायच्या आधी सीलरचा एक हात दिला, म्हणजे सांध्याचा रंग फरशीच्या कडांत शिरत नाही. सांधे भरून सुकल्यावर दुसरा हात. सीलर घेताना तो फक्त पाणी अडवतो की तेलही, हे डब्यावर वाचून घ्यावं लागतं. स्वयंपाकघरात तेल अडवणाराच हवा.

गॅस आणि सिंककडचे २ मिलिमीटरचे सांधे एपॉक्सीनं, म्हणजे सुकून घट्ट होणाऱ्या रेझिननं, भरले. ते तेल पीत नाही. मात्र लेदर फिनिशच्या खळग्यांत एपॉक्सी अडकलं की कायमचं राहतं, म्हणून सांध्याच्या दोन्ही बाजूंना चिकटपट्टी लावून भरलं आणि ओलं असतानाच पुसलं. ओटा आणि भिंतीचा दगड यांच्यामध्ये ३ मिलिमीटर फट ठेवून तिथं सिलिकॉन भरलं, कारण ओटा आणि भिंत वेगवेगळे हलतात आणि तिथला कडक सांधा हमखास तडकतो. सिलिकॉन न्यूट्रल प्रकारचं. व्हिनेगरसारखा वास येणारं स्वस्त सिलिकॉन सुकताना ॲसेटिक आम्ल सोडतं, आणि शहाबादीच्या कडेला ते लागलं तर लिंबाचंच काम करतं. विजेचे बोर्ड दगडाच्या जाडीइतके पुढे आणावे लागले. ते इलेक्ट्रिशियनकडून, मेन बंद करून.

खर्चाचा हिशेब शेवटी मांडला तेव्हा दगडापेक्षा भिंतीवरच जास्त गेले होते: पाइप, तोडफोड, मलबा, गिलावा, चिकटवण. मुलानं तो कागद बराच वेळ पाहिला. पहिल्या ठेकेदाराच्या अंदाजात या रकमा नव्हत्या, म्हणूनच तो अंदाज कमी होता.

पुढचं वर्ष

एका पावसाळ्यानंतर आणि एका उन्हाळ्यानंतर भिंत पुन्हा वाजवून पाहिली. एकही तुकडा बद्द नाही. लोणा नाही. गॅसमागचं ग्रॅनाइट सूनबाई रात्री ओटा आवरताना साबणाच्या ओल्या फडक्यानं पुसतात आणि तेवढं पुरतं. नळामागे क्षारांची पांढरी झाक आली होती. पाण्यात पातळ केलेलं व्हिनेगर फडक्यावर घेऊन पुसलं, लगेच साध्या पाण्यानं पुसून कोरडं केलं, गेली. हे फक्त ग्रॅनाइटवर. शहाबादीच्या टोकाशी भिंतीवर नातीनं पेन्सिलीनं एक रेघ ओढून दिली आहे: याच्या पलीकडे ॲसिड, व्हिनेगर, लिंबू नाही.

तरीही शहाबादीवर एक ओरखड्यासारखी निस्तेज खूण उमटलीच. लिंबाच्या लोणच्याची बरणी तिथं ठेवली होती आणि खार भिंतीला लागला. फरशी आरशासारखी चकचकीत केलेली नव्हती, मंद पोताची होती, त्यामुळे पाण्यात भिजवलेल्या बारीक पॉलिश पेपरनं हलक्या हातानं गोल गोल घासून ती आजूबाजूच्या पोतात मिसळवता आली. मग तेवढ्याच जागी सीलर. चकचकीत पॉलिशवर ही दुरुस्ती घरी जमत नाही.

सिंकच्या कोपऱ्यातलं सिलिकॉन काळं पडायला लागलं आहे. तिथं ओट्याचा उतार सिंककडे न जाता भिंतीकडे आहे, त्यामुळे पाणी साचून राहतं. उतार सुधारायचा तर ओट्याचं ग्रॅनाइट उचलावं लागेल, आणि ते आत्ता कुणालाच नको आहे. सध्या दरवर्षी ते सिलिकॉन कापून, जागा पूर्ण वाळवून नवं भरायचं ठरलं आहे. उरलेले ग्रॅनाइटचे दोन आणि शहाबादीचे तीन तुकडे माळ्यावर ठेवले आहेत, पाठीवर जाडी लिहून. आजींनी त्यातला एक खाली घेतला आहे आणि देवघरात समईखाली ठेवला आहे. तेल सांडलं तर पुसते म्हणाल्या. सीलर त्यालाही लावून दिला.